धुराडं नसलेल्या घरात लाकडाची बुखारी बसवताना

डिसेंबरात पाचगणीच्या पुढं घर किती गार पडतं, हे साताऱ्यात राहणाऱ्यालाही सांगून पटत नाही. महाबळेश्वर समुद्रसपाटीपासून सुमारे १,३७२ मीटरवर आहे. वेण्णा तलावाच्या काठी दव गोठल्याचे फोटो पेपरात आले की पर्यटक हौसेनं येतात, दोन दिवस कुडकुडतात आणि परत जातात. इथं राहणाऱ्याला थंडीपेक्षा ओल जास्त छळते. पावसाळ्यात पाच हजार मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो, तो प्यायलेली जांभ्याची भिंत दिवाळीपर्यंत सुकत नाही. ती सुकते न सुकते तोच थंडी दारात.

मग घमेल्यात निखारे घालून खोलीत ठेवायचे, हा सगळ्यांचा पहिला उपाय. तो करू नका. निखाऱ्यांना धूर नसतो म्हणून ते निरुपद्रवी वाटतात, पण कार्बन मोनॉक्साइड तिथंच जास्त तयार होतो, आणि त्याला ना वास ना रंग. आमच्या आजीच्या घरात चूल दिवसभर धुमसायची, तिला धुराडं नव्हतं, तरी माणसं निभावली, असं कोणी म्हणेल. त्या घराच्या कौलांतून चांदणं दिसायचं आणि दाराखालून मांजर जायचं. आताच्या घराला स्लॅब आहे, सरकत्या खिडक्या आहेत, दाराला रबर आहे. विस्तव तोच राहिला, घर मात्र बंद झालं. (शिवाय आजीच्या डोळ्यांतून सतत पाणी यायचं, ते आपण सोयीनं विसरतो.)

म्हणून हा लेख बंद दाराच्या, पाइपवाल्या लोखंडी शेगडीबद्दल आहे. काश्मिरात आणि लडाखमध्ये तिला बुखारी म्हणतात, हिमाचलात तंदूर. आपल्याकडं नाव रुळलेलं नाही, मी बुखारीच म्हणतो. चार वर्षांपूर्वी मी ती बसवली, पहिल्यांदा चुकीची बसवली, दुसऱ्या वर्षी उखडून पुन्हा बसवली. दोन्ही वेळा शेगडी तीच होती. बदलला तो फक्त पाइप. बुखारी बसवणं म्हणजे पाइप बसवणं, शेगडी हे त्याचं खालचं टोक, एवढं डोक्यात ठेवून पुढचं वाचा.

आधी पाइपची वाट

गरम धूर हलका असतो, वर चढतो, आणि चढताना खालून ताजी हवा ओढून घेतो. या ओढीवरच शेगडी चालते. पाइप जितका उंच, सरळ आणि आतून गरम, तितकी ओढ चांगली. पाइप आखूड, वाकडा किंवा गार असेल तर धूर जिकडून आला तिकडंच परततो, म्हणजे हॉलमध्ये.

माझी पहिली चूक इथंच झाली. छपराला भोक पाडायला जीव धजेना, म्हणून शेगडीमागच्या भिंतीतून पाइप आडवा बाहेर काढला, काटकोनी एल्बो लावला आणि वळचणीच्या खालीच सोडून दिला. दरीकडून वारं आलं की पाइपचं तोंड दाबलं जायचं. तीन दिवसांत भिंतीवर काळे ओघळ, पत्र्याच्या कडेला काजळी, आणि घरातल्यांची बोलणी.

तेव्हा जागा वरून खाली ठरवा. माळ्यावर किंवा शिडीवर चढा, आढ्याच्या जवळ, वासे आणि रिपा चुकवून जाणारी जागा शोधा आणि तिथून ओळंबा, म्हणजे दोरीला बांधलेलं वजन, सोडा. ओळंबा जमिनीला टेकेल तिथं शेगडी. टीव्ही कुठं आहे, सोफा कुठं आहे, हे नंतर. ओळंबा दाराच्या वाटेत आला तर पाइपला दोन वळणं देऊन सरकवता येतं, पण ती ४५ अंशांची असावीत आणि दोनाहून अधिक नकोत.

उंचीचा हिशेब असा. शेगडीच्या बुडापासून पाइपच्या टोकावरच्या टोपीपर्यंत किमान १५ फूट, म्हणजे साडेचार मीटर. छपरातून पाइप जिथं बाहेर पडतो तिथपासून तो किमान ३ फूट वर हवा. शिवाय आडव्या १० फुटांच्या आत जे काही असेल, आढं असो, पाण्याची टाकी असो की शेजारची गच्चीची भिंत, त्याच्यापेक्षा २ फूट उंच. आढ्याजवळची जागा शोधायला सांगितली ती याचसाठी. तिथून कमी पाइपात काम होतं आणि त्याचा बराचसा भाग घराच्या आत, उबेत राहतो.

स्वयंपाकघरातल्या चिमणीबद्दल एक शब्द. "आमच्याकडं चिमणी आहेच की, तिलाच जोडू" असं मला तीन जणांनी तरी विचारलं आहे. ओट्यावरची ती चिमणी म्हणजे पंखा आणि अॅल्युमिनियमची लवचिक नळी. फोडणीच्या वाफेसाठी ती ठीक, लाकडाच्या धुरापुढं टिकणार नाही. उलट ती चालू केली की घरातली हवा बाहेर खेचली जाते आणि बुखारीचा धूर पाइपमधून उलटा आत येतो. बुखारी पेटलेली असताना चिमणी किंवा एक्झॉस्ट लावायचाच असेल तर शेजारची खिडकी उघडी ठेवूनच.

शेगडी: मोठी घेऊ नका

हे लवकर आटपतो. खोलीची लांबी, रुंदी, उंची मीटरमध्ये गुणा आणि १४ नं भागा. येईल ते साधारण किलोवॅट. १२ बाय १५ फुटांचा, १० फूट उंचीचा हॉल म्हणजे ५१ घनमीटर, म्हणजे साडेतीन ते चार किलोवॅट. थोडं वर धरून पाच. इतक्या उष्णतेला ताशी दीड-दोन किलो वाळलेलं लाकूड लागतं. फॅब्रिकेटरला किलोवॅट सांगून उपयोग नाही, त्याला सांगा की फूटभर लांबीचे दोन-तीन ओंडके मावतील एवढं पोट हवं. मोठी घेतली की खोली भट्टी होते, मग माणूस हवा बंद करून विस्तव कोंडतो, आणि कोंडलेला विस्तव नुसता धूर आणि डांबर देतो.

बनवून घेत असाल तर अंगाला चार-पाच मिलिमीटरचा पत्रा, आतून भट्टीच्या विटा, खाली बिडाची जाळी. हवेला दोन वाटा हव्यात, एक जाळीखालून आणि एक वरून, दोन्हींना उघडझाप. वरच्या बाजूला एक आडवी पट्टी, म्हणजे ज्योत सरळ पाइपात न जाता वळसा घेऊन जाईल. दाराला काचतंतूची दोरी. दारात काच हवी असेल तर ती सिरॅमिक काचच. खिडकीची काच सोडाच, टफन्ड काचही या उष्णतेत तडकते. धुराचं तोंड ६ इंचांचं, आणि वरपर्यंत पाइप तेवढाच. मध्येच ४ इंचांवर आणायचा मोह टाळा.

खालची फरशी, मागची भिंत

व्हिट्रिफाइड टाइलवर बुखारी थेट ठेवली तर टाइल कधीतरी तडकते. विटांचा थर आणि वर शहाबादी फरशी असा बुटका ओटा करा, दारासमोर तो १८ इंच पुढं यावा, कारण दार उघडलं की ठिणगी तिथंच पडते.

जळू शकेल अशी कुठलीही वस्तू, म्हणजे पडदा, सोफा, लाकडी पार्टिशन, गादी, शेगडीपासून ३ फुटांवर हवी. जांभ्याची किंवा विटांची भिंत जळत नाही, तिच्या जवळ जाता येतं, पण मागं हात घालून झाडता येईल एवढी जागा ठेवा. लाकडी भिंत असेल आणि जागाच नसेल तर भिंतीपासून इंचभर पुढं पत्रा उभा करायचा, खाली आणि वर मोकळा, म्हणजे मागून हवा खेळेल. पत्रा भिंतीला चिकटवला तर तो फक्त शोभेला.

आणि वर बघा. नव्या घरांतून पीव्हीसीचं किंवा थर्माकोलचं सीलिंग असतं. पाइप त्याच्यातून न्यायचा असेल तर त्या खोलीतलं सीलिंग काढा. भोकाभोवती पत्र्याची चकती लावून भागत नाही.

पाइप कसला, सांधा कसा

खोलीतल्या भागाला एकेरी लोखंडी पाइप चालतो. तो गरम होतो, खोली तापवतो, ते बरंच. त्याच्यापासून लाकूड मात्र १८ इंच लांब हवं. माळ्यातून आणि छपराबाहेर जाणारा भाग दुहेरी हवा, आत स्टेनलेस स्टील, बाहेर दुसरा पाइप, मध्ये रॉकवूल किंवा सिरॅमिक वूल, म्हणजे उष्णता अडवणारी, न जळणारी लोकर, दाबून. तयार मिळाला तर त्यावर लाकडापासूनचं अंतर लिहिलेलं असतं, ते पाळा. मी इथंच बनवून घेतला, म्हणून चारही बाजूंनी ६ इंच मोकळे सोडले. एक वासा आड येत होता. तो कापावा लागला आणि त्याचा भार आडवी फळी ठोकून शेजारच्या दोन वाशांवर टाकावा लागला. हे सुताराचं काम आहे, वेल्डरला करू देऊ नका.

दोन पाइप अजिबात वापरायचे नाहीत. पहिला जीआय, म्हणजे जस्त चढवलेला. तापला की त्याचं जस्त जातं आणि त्याचा धूर अंगाला बाधतो. दुसरा जुना सिमेंटचा पाइप. निर्धूर चुलींच्या सरकारी योजनेत, १९८३ नंतर, तो पुष्कळ घरांत बसला आणि अजून कुणाच्या तरी परड्यात पडलेला असतो. त्यात अॅस्बेस्टॉस असतं, कापला की त्याची धूळ फुफ्फुसात जाते, आणि बुखारीच्या तापात तो फुटूही शकतो. फुकट मिळाला तरी नको.

आता सांधा. यावर माझं आणि वेल्डरचं चांगलंच वाजलं. त्याचं म्हणणं, धूर वर जातो, म्हणून खालचा पाइप वरच्याच्या आत घालू, म्हणजे धूर गळणार नाही. ऐकायला बरोबर वाटतं. पण एक किलो अगदी वाळलेलं लाकूडही जळताना सुमारे अर्धा लिटर पाणी वाफ म्हणून सोडतं. पाइप गार असेल तर ती वाफ आतच थिजते आणि डांबरासकट खाली ओघळते. म्हणून आतल्या पाइपमध्ये वरच्याचं टोक खालच्याच्या आत बसायला हवं, म्हणजे ओघळ आतल्या आत शेगडीत उतरेल आणि जळून जाईल. धूर गळत नाही, कारण पाइपमध्ये ओढ असते, सांध्यातून हवा आत जाते, धूर बाहेर येत नाही. बाहेरच्या आवरणाचा सांधा मात्र नेमका उलटा, वरचा खालच्यावर चढलेला, कौलावर कौल चढतं तसा. तिथं पाणी बाहेरून येतं. प्रत्येक सांध्याला तीन स्क्रू मारा, आणि घरातल्या सांध्यांना भट्टीचं सिमेंट.

छपराचं भोक

खरी कसोटी इथं आहे, आणि ती जुलैत होते. हे काम एप्रिलपर्यंत उरका. मे महिन्यात वळवाचा भरवसा नाही.

पत्र्याचं छप्पर सगळ्यांत सोपं. भोक पन्हळीच्या खळग्यात न घेता शक्यतो उंचवट्यावर घ्या, म्हणजे वाहतं पाणी त्याच्यावर येणार नाही. भोवती उच्च तापमानाच्या सिलिकॉनचा बूट, म्हणजे पाइपवर घट्ट बसणारं आवरण, बसतो. साधा काळा रबरी नको, तो वितळतो. बुटाच्या वर पाइपला आणखी एक झाकणासारखी कॉलर.

मंगलोरी कौलं असतील तर कौल कापत बसू नका. दोन-तीन कौलं काढा, त्या जागी मधोमध नळकांडं वेल्ड केलेला पत्र्याचा तुकडा घाला. तुकड्याची वरची कड वरच्या ओळीतल्या कौलांखाली आणि खालची कड खालच्या ओळीवर. हे उलटं झालं तर पहिल्याच झडीत पाणी माळ्यावर. काढलेली कौलं जपून ठेवा, आता तसल्या मापाची सहज मिळत नाहीत.

स्लॅबला कोअर कटिंगवाल्याकडून गोल भोक पाडून घ्या, छिन्नी-हातोड्यानं नको. बीम कुठून गेलाय हे आधी बघा, सळई कापली जाणार असेल तर इंजिनिअरला विचारा. भोकाभोवती गच्चीवर विटांचा ९ इंच उंचवटा बांधायचा, कडेनं सिमेंटचा उतार, मग वॉटरप्रूफिंग. उंचवटा नसेल तर सिलिकॉनच्या किती नळ्या ओतल्या तरी पाणी वाट काढतंच.

सिमेंटचे जुने पत्रे असतील तर त्यांना ड्रिल लावू नका, अॅस्बेस्टॉसचं वर सांगितलं आहेच. तो एक पत्रा अख्खा उतरवून त्या जागी लोखंडी पत्रा घाला आणि भोक त्याला पाडा.

झालं की वर चढून दहा बादल्या पाणी ओता, खाली एकानं टॉर्च घेऊन बसायचं.

टोपीला जाळी लावा, पण बारीक नको, काजळीनं बुजते. अर्ध्या इंचाची ठीक. आणि पाइपला तीन बाजूंनी तारेचे ताण द्या. वाऱ्यासाठी तर हवेतच, त्याहून जास्त माकडांसाठी. आमच्या पाइपवर पहिल्याच आठवड्यात एक हुप्प्या झोका घेऊन गेला.

आणखी एक गोष्ट, बाहेरच्या कुठल्याही पुस्तकात सापडणार नाही अशी. पावसाळ्याआधी आपण घराला गवताच्या झड्या, म्हणजे पावसाचा मारा अडवणारे पडदे, बांधतो, प्लास्टिक ताणतो. जुलैत घर ओलंगच्च असतं आणि बुखारी पेटवायची खरी इच्छा तेव्हाच होते. त्या वेळी झडी किंवा प्लास्टिक पाइपला टेकलंय का, हे बाहेर जाऊन डोळ्यांनी बघा. झड्या बांधणाऱ्या माणसालाही आधीच सांगा, त्याला पाइप म्हणजे दोरी बांधायला आयता खांब वाटतो.

जळण

ओलं लाकूड सगळ्यावर पाणी फिरवतं. नुकत्या तोडलेल्या लाकडात निम्मं वजन पाण्याचं असू शकतं, आपल्याला २० टक्क्यांच्या आत हवं. ओलावा मोजायचं छोटं यंत्र ऑनलाइन मिळतं. नसेल तर दोन ढलपे एकमेकांवर आपटा. 'ठण्ण' वाजलं तर वाळलंय, 'धप्प' वाजलं तर नाही. टोकाला भेगा दिसायला हव्यात. जानेवारीत फोडून रचलेलं लाकूड उन्हाळाभर वाळतं, मग जूनआधी वरून पत्रा आणि जमिनीपासून फूटभर उंच मांडणी. बाजू मोकळ्या ठेवा. प्लास्टिकमध्ये गुंडाळलं तर आत बुरशी.

माण-खटावकडची बाभूळ मिळाली तर सोनं. जड, सावकाश जळते, निखारा टिकतो. सिल्व्हर ओक आणि आंबा पेटवायला बरे, पण भुर्रकन संपतात. प्लायवूड, रंग दिलेलं फर्निचर, सनमायका यातलं काही टाकू नका, त्यांच्या डिंकाचा आणि रंगाचा धूर विषारी असतो.

आणि जळणासाठी मागच्या रानात कोयता घेऊन शिरू नका. महाबळेश्वर-पाचगणीचा पट्टा जानेवारी २००१ पासून पर्यावरणदृष्ट्या संवेदनशील क्षेत्र आहे, आणि झाड आपल्या मालकीच्या जागेतलं असलं तरी १९६४ च्या वृक्षतोड कायद्याखाली परवानगीचा प्रश्न येतो. वखारीतून घ्या, पावती ठेवा. छपरावर काही नवीन उभारताना नगरपालिका किंवा ग्रामपंचायतीत आधी विचारलेलं बरं, भाड्याचं घर असेल तर मालकाला त्याच्याही आधी.

पहिला विस्तव आणि नंतर

पहिले तीन विस्तव छोटे, तास-तासभराचे, खिडक्या उघड्या ठेवून. रंग भाजतो, वास येतो, विटांतली ओल निघते. एकदम भडका केलात तर विटा तडकतात. पेटवण्याआधी कागदाचा बोळा पेटवून पाइपच्या तोंडाशी धरा, म्हणजे आतली गार हवा वर सरकेल. मग जाड ढलपे खाली, बारीक काटक्या सगळ्यांत वर, आणि काडी वरून लावायची. चूल खालून पेटवायची सवय असलेल्याला हे चमत्कारिक वाटतं, पण ज्योत वर असली की खालून निघणारा धूर तिच्यातून जाताना जळून जातो. वीस मिनिटांनी बाहेर जाऊन टोपीकडं बघा. धूर जवळजवळ दिसत नसेल तर सगळं बरोबर. काळा किंवा पिवळट दिसला तर हवा वाढवा, नाहीतर जळण ओलं आहे.

रात्री झोपताना हवा पूर्ण बंद करून शेगडी धुमसत ठेवायची नाही. विस्तव विझत आला की झोपा, भिंती सकाळपर्यंत ऊब धरतात. कार्बन मोनॉक्साइडचा अलार्म त्याच खोलीत आणि एक झोपायच्या खोलीत लावा. तो वाजला, किंवा घरातल्या सगळ्यांचं एकदम डोकं दुखायला लागलं, मळमळायला लागलं, तर कारण शोधत बसू नका. आधी सगळे बाहेर.

पाइप हंगामात दोनदा तारेच्या ब्रशनं झाडा, एकदा दिवाळीच्या आधी, एकदा जानेवारीत. पावसाळ्यानंतर पहिल्यांदा पेटवताना आत आरसा धरून बघा, गांधीलमाश्यांना ती जागा फार आवडते. काजळी साठली तर ती पाइपमध्येच पेट घेते आणि घरघर असा आगगाडीसारखा आवाज येतो. तसं झालं तर दार आणि हवेच्या दोन्ही वाटा बंद करा, पाणी ओतू नका, माणसं बाहेर काढा आणि अग्निशमनला फोन करा.

राख पत्र्याच्या झाकणाच्या डब्यात काढा आणि डबा घराबाहेर, दगडावर ठेवा. तिच्यातला निखारा दुसऱ्या दिवसापर्यंत जिवंत राहतो. आमची एक प्लास्टिकची बादली याच कारणानं गेली. पूर्ण गार झालेली राख भांडी घासायला घ्या, परसातल्या मेथी-कोथिंबिरीला मूठभर टाका. स्ट्रॉबेरीच्या वाफ्यात मात्र नको. तिला किंचित आंबट माती लागते, आणि राख नेमका तो आंबटपणा मारते.